तारीख न देणारा माणूस

परवा कोथरूडला साहेबांची शोकसभा झाली. कसब्यातून बस बदलत गेलो. एकेक जण उठत होता, माइकला टिचकी मारून बघत होता आणि सगळे एकच सांगत होते. या माणसानं घराघरांतली भांडणं मिटवली. या माणसाच्या दरबारात कधी तारीख मिळाली नाही, मिळाला तो निकाल. हे मी तीनचार जणांच्या तोंडून ऐकलं आणि मग हात वर केला. सूत्रसंचालन करणारा पोरगा माझ्याकडे बघून गोड हसला. म्हणाला, "आजोबा, पाणी त्या बाजूला ठेवलंय."

पाणी! मी कसब्यातून कोथरूडला पाणी प्यायला गेलो होतो काय? मला बोलायचं होतं. बोलू दिलं नाही, म्हणून लिहितो. माझी शाळा चौथीपर्यंतच झाली. पण जे डोळ्यांनी बघितलं ते लिहायला चौथी पुरते.

ते सगळे खोटं बोलले. त्या माणसानं तारीख दिली. एकाच बाईला दिली, पण शेवटपर्यंत देत राहिला. त्यांच्या उभ्या धंद्यात धड म्हणावं असं तेवढं एकच काम झालं, आणि नेमकं तेच एकाही शहाण्यानं सांगितलं नाही.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो. टीव्हीवर त्यांचा कोर्टाचा कार्यक्रम होता. लोकांनी आपापली भांडणं घेऊन यायची. साहेब काळा झगा घालून उंच खुर्चीवर बसणार, दोन्हीकडचं ऐकणार आणि हातोडा आपटून निकाल देणार. कार्यक्रमाचे निर्मातेही तेच आणि न्यायमूर्तीही तेच. वकिलीच्या परीक्षेला बसलो होतो, असं ते सांगत. पुढचं विचारलं की चहा मागवत. हौशी नाटकांत न्यायाधीशाचं काम त्यांना नेहमी मिळायचं, ते खर्जातल्या आवाजावर आणि जाड भुवयांवर. मग गणपतीत मंडळांपुढे ते खोटं कोर्ट भरवायला लागले. 'खड्डा विरुद्ध नगरसेवक' हा खटला इतका गाजला की केबलवाल्यानं बोलावून घेतलं, आणि तिथून मोठ्या चॅनलनं उचललं.

मी जातीचा तांबट. हंडे आणि घंगाळं ठोकण्यात जन्म गेला. आमच्या आळीत एकाच वेळी दहा दुकानांत ठोकाठोकी चालायची, म्हणून आम्ही सगळेच मोठ्यानं बोलतो. बायकाही मोठ्यानं बोलतात, देवळातसुद्धा. साहेब एकदा लाकडी हातोडा शोधत आमच्या आळीत आले. एकेक हातोडा फळीवर आपटायचे, कान देऊन ऐकायचे, नाक मुरडायचे. मी तेवढ्यात पलीकडच्या टपरीवाल्याला चहासाठी हाक मारली. साहेबांच्या हातातला हातोडा पडला.

"उद्यापासून माझं कोर्ट तुम्ही पुकारायचं," म्हणाले.

"कोर्टात हातोडा नसतो," मी म्हणालो. "घरमालकाच्या दाव्यात मी कोर्ट बघून आलोय. जज टेबलावर काही आपटत नाहीत."

"म्हणून तर तिथं कुणी ऐकत नाही."

हे असं. उत्तर तयार. दुकान तसंही मुलाकडे गेलं होतं, खांदा दुखत होता. मी गेलो. मला पांढरा डगला, लाल पट्टा आणि कामाला फक्त दोन शब्द मिळाले. नाव घ्यायचं आणि हाजिर हो म्हणायचं.

कोर्ट भरायचं नारायण पेठेतल्या एका मंगल कार्यालयात. हल्ली लग्नं गावाबाहेर लॉनवर होतात, त्यामुळे कार्यालय ओस पडलं होतं. बोहल्याच्या जागी साहेबांची खुर्ची मांडलेली, समोर साक्षीदाराचा पिंजरा. साहेब तोंड रंगवून घ्यायला वरपक्षाच्या खोलीत बसायचे आणि भांडायला आलेली माणसं वधूपक्षाच्या. दारांवरच्या पाट्या कुणी काढल्याच नव्हत्या. भटारखान्यातून फोडणीचा वास यायचा. आलेल्या माणसांना कळायचंच नाही, भांडायचं आहे की पंगतीला बसायचं आहे.

साहेबांना वाट बघणं जमत नसे. उपाहारगृहात चहा यायला उशीर झाला की उठून जात, मागून चहा येताना दिसला तरी परत फिरत नसत. न्हाव्याकडे गिऱ्हाईक असलं तर तसेच वाढलेले केस घेऊन घरी. आणि निकाल कुठंही देत. झगा घालूनच स्कूटरवर बसत, वर हेल्मेट. एकदा मी मागं बसलो होतो. पुलावर एक रिक्षावाला आणि एक गिऱ्हाईक भांडत होते. यांनी स्कूटर लावली, दोघांचं एकेक वाक्य ऐकलं आणि हात वर करून म्हणाले, "दोघेही चूक. निकाल संपला." ते दोघं भांडण विसरून एकजुटीनं यांना शिव्या द्यायला लागले. साहेबांनी शांतपणे किक मारली.

"बघा तांबट, मिटलं की नाही भांडण?"

मी हसलो होतो तेव्हा. हसण्यासारखं होतंच. पण हसण्यावारी नेण्यासारखं जे नव्हतं ते आता सांगतो.

साहेबांचा आवाज दुपारी बसायचा. सकाळी घंटेसारखा, आणि जेवण झालं की फुटक्या हंड्यासारखा. म्हणून त्यांनी एक पद्धत काढली होती. दिवसभरात जेवढे खटले चालायचे असतील, त्या सगळ्यांचे निकाल सकाळीच, माणसं यायच्या आत, चित्रित करून टाकायचे. भांडण काय आहे ते ऑफिसातली प्राजक्ता आदल्या दिवशी फोनवर विचारून ठेवायची, तेवढ्यावर. मी पहिल्या दिवशी बघितलं तेव्हा मला वाटलं तालीम चाललीय. समोर पिंजरा रिकामा. खुर्च्या रिकाम्या. एक बाई केर काढतेय. आणि साहेब त्या रिकाम्या पिंजऱ्याकडे बोट रोखून गरजतायत, "मान वर कर! सख्ख्या भावाशी असं वागताना लाज नाही वाटली?" मग हातोडा आपटला. केर काढणारी बाई दचकली. निकाल झाला.

"साहेब, माणसं अजून आली नाहीत," मी म्हणालो.

"येतील की दुपारी."

"मग त्यांचं ऐकायचं कधी?"

"दुपारी ऐकतो ना. मान हलवतो, भुवई उडवतो. तांबट, माणसं आल्यावर काय वेगळं सांगणार आहेत? सगळी भांडणं एकाच जातीची असतात."

हे मला पटलं नाही, आणि मी ते तोंडावर सांगितलं. त्या वेळी त्यांनी मला वडिलांचं सांगितलं. वरपक्षाच्या खोलीत, आरशासमोर, चेहऱ्यावरचा रंग पुसता पुसता. वडिलांची चुलतभावाशी एका सामायिक भिंतीवरून केस होती. वडील टोपी घालून, डबा घेऊन कोर्टात जात आणि संध्याकाळी नुसती तारीख घेऊन येत. आई विचारायची, काय झालं? ते म्हणायचे, तारीख झाली. त्यांच्या घरात सण कमी आणि तारखा जास्त. वडील वारल्यानंतरही त्यांच्या नावानं तारीख पडली.

"म्हणून ठरवलं," साहेब म्हणाले. "उशिरा बरोबर ठरण्यापेक्षा लगेच चुकलेलं बरं. माणूस निदान दुसऱ्या कामाला लागतो."

"ज्याच्यावर चूक येऊन पडते त्याला विचारा."

"त्यानं अपील करावं."

"कुणाकडे?"

"माझ्याकडेच. दुसरं आहे कोण?"

वडिलांचं ऐकून वाईट वाटलं, नाही असं नाही. पण बापाला न्याय मिळाला नाही म्हणून लेकानं रिकाम्या पिंजऱ्याला फाशी द्यायची, हा कुठला न्याय? मी तेव्हाही विचारलं होतं. त्यांनी चहा मागवला.

मग द्वारकावहिनींचा खटला आला.

द्वारकावहिनी आमच्या आळीतल्या. त्यांचे यजमान आणि मी शेजारशेजारच्या दुकानांत ठोकत होतो. ते गेल्यावर वहिनी त्याच एका खोलीत राहिल्या. थोरला मुलगा कोथरूडला सोसायटीत, धाकटा धायरीला. दोघांनी ठरवलं, खोली एका बॅगवाल्याला गोदामाला द्यायची आणि आईनं सहा महिने इकडे, सहा महिने तिकडे राहायचं. भांडण फक्त एवढंच होतं की आईनं आधी कुणाकडे जायचं. थोरला म्हणे मुलीची बारावी आहे, पहिले सहा महिने नकोत. धाकटा म्हणे आमच्याकडे लिफ्ट बंद आहे. एवढ्यासाठी दोघं टीव्हीवर आले. आईला जायचं आहे का, हा प्रश्न कुणाच्या डोक्यातच नव्हता.

निकाल सकाळी झाला होता. पहिले सहा महिने थोरल्याकडे. रिकाम्या पिंजऱ्याला साहेबांनी मातृप्रेमावर बरंच सुनावलं.

दुपारी वहिनी आल्या. हातात कापडी पिशवी, वरून यजमानांनी ठोकलेल्या तांब्याचं तोंड दिसत होतं. मी विचारलं, "वहिनी, हे काय?"

"कोर्ट आज सांगेल तिकडे जायचं म्हणाली मुलं. इथूनच. म्हणून कपडे घेऊन आले." मग माझ्या पट्ट्याकडे बघून म्हणाल्या, "बरं झालं भावजी तुम्ही सरकारी नोकरीत लागलात."

या बाईला हे खरं कोर्ट वाटत होतं. आणि का वाटू नये? झगा होता, पिंजरा होता, मी होतो.

प्राजक्तानं मला सांगून ठेवलं होतं. आधी थोरल्याला पुकारायचं, मग धाकट्याला. आजी पहिल्या रांगेत बसतील, खूण केली की पदर डोळ्यांना लावतील. दोघं मुलं बोलून झाली. साहेबांनी मान हलवली, भुवई उडवली, हातोड्याकडे हात नेला. आणि मी पुकारलं. आळीतल्या आवाजात.

"द्वारकाबाई हाजिर हो!"

साहेबांचा हात तसाच राहिला. "तांबट, हे नाव यादीत नाही."

"केस तिचीच आहे साहेब."

वहिनी उठल्या, पिशवीसकट पिंजऱ्यात जाऊन उभ्या राहिल्या. सभागृहभर नजर फिरवून म्हणाल्या, "माझं लग्न याच कार्यालयात झालं. तेव्हाही कुणी मला विचारलं नव्हतं. मी काही बोलले नाही, कारण तेरा-चौदा वर्षांची होते. आता मात्र बोलते. मला कुठंच जायचं नाही. माझी खोली आहे, माझा नळ आहे, सकाळी शेजारी ठोकायला लागले की मला जाग येते. सुना वाईट नाहीत. पण त्यांच्याकडे मी पाहुणी. सहा महिने पाहुणी राहून माणूस बसतं कुठं?"

"कट," साहेब म्हणाले.

वरपक्षाच्या खोलीत मी आत शिरून दार लावलं. म्हणालो, "नवा निकाल द्या."

"झालाय निकाल. सकाळीच झालाय. आता या आवाजात काय देऊ?"

"मग बाहेर जाऊन एवढंच सांगा की हे खरं कोर्ट नाही. हा निकाल कुणावर बंधनकारक नाही. ती बाई पिशवी भरून आलीय हो."

साहेब आरशात बघत राहिले. "असं एकदा सांगितलं की उद्या इथं कोण येईल, तांबट?"

मी लाल पट्टा काढला, त्यांच्या पावडरीच्या डब्यावर ठेवला आणि बाहेर आलो. वहिनींच्या हातातली पिशवी घेतली. "चला, घरी जाऊ."

"पण निकाल?"

"तो आपल्याला लागू नाही."

कार्यक्रम दाखवला गेला तेव्हा त्यात वहिनींचं एक अक्षर नव्हतं. पदर डोळ्यांना लावतानाचं चित्र होतं, ते कुठल्या दुसऱ्याच म्हाताऱ्या बाईचं. वहिनी स्वतःच्या खोलीत चुरमुरे खात स्वतःची रवानगी बघत होत्या. दुसऱ्या दिवसापासून आळी विचारायला लागली. वाणी म्हणाला, "आजी, तुम्हाला तर कोर्टानं कोथरूडला पाठवलं ना? अजून इथं कशा?" नळावर बायका म्हणाल्या, टीव्हीवर सांगितलेलं मोडायचं म्हणजे काय! मी प्रत्येकाला सांगत होतो, ते कोर्ट खोटं आहे. लोक म्हणायचे, "तुमची नोकरी गेली म्हणून बोलता." मी सोडली, गेली नाही. हा फरक कुणाला सांगणार?

आणि एके दिवशी थोरला टेम्पो घेऊन आला. धाकटाही आला. "आई, सोसायटीत लोक विचारतात, तुमच्या आई आल्या का म्हणून. आम्ही तोंड कसं दाखवायचं?" वहिनी उंबऱ्यात बसल्या, उठेनात. थोरल्यानं यजमानांचा फोटो भिंतीवरून काढून टेम्पोत ठेवला.

मी तसाच चालत नारायण पेठ गाठली. साहेब शिकरण खात होते.

"तुमच्या निकालावर टेम्पो आलाय," मी म्हणालो. "निकाल मागं घ्या."

"मी दिलेला निकाल मागं घेत नाही."

"मग चला आणि सांगा की ते कोर्ट नव्हतं."

"सांगणार नाही."

"तुमच्या वडिलांना भिंत मिळाली नाही. पण निदान त्यांना भिंतीच्या आतून तरी कुणी बाहेर काढलं नाही. जोवर तारीख पडत होती, तोवर ते आपल्या घरात होते!"

हे मी ठरवून बोललो नव्हतो. रागात तोंडून गेलं. साहेबांनी वाटी खाली ठेवली. मी दार आपटून निघालो.

आळीच्या तोंडाशी पोचलो तोच मागून स्कूटरचा भोंगा. झगा, वर हेल्मेट. साहेब उतरले, कुणाकडे न बघता वहिनींच्या दाराशी, दुकानापुढच्या पालथ्या घंगाळावर बसले. बघता बघता गर्दी झाली. समोरच्या दुकानातलं ठोकणं थांबलं. आमच्या आळीत ते सुतकातच थांबतं.

"पुकारा," साहेब मला म्हणाले.

"मी नोकरी सोडलीय."

"पगारी माणसाला सांगत नाहीये."

मी पुकारलं. वहिनी उंबऱ्यातूनच बोलल्या. या वेळी कुणी कट म्हणालं नाही. त्यांनी यजमानांचं आजारपण सांगितलं, नळाची वेळ सांगितली, सोसायटीच्या बाकावर बसल्यावर कसं वाटतं ते सांगितलं, मधेच भाजीवाल्याला उद्या ये म्हणाल्या आणि पुन्हा सुरुवात केली. साहेब ऐकत होते. भुवई उडवली नाही. त्यांना दिलेला चहा निवला, वर साय आली. चहासाठी न थांबणारा माणूस हलला नाही.

मग ते उभे राहिले. बसलेल्या आवाजात म्हणाले, "या न्यायालयाच्या निकालाविरुद्ध अपील आलं आहे. अपील दाखल करून घेतलं आहे. त्याचा निर्णय होईपर्यंत पहिल्या निकालाला स्थगिती. बाई आहेत तिथंच राहतील. पुढची..."

अडकले. तो शब्द तोंडातून निघेना. खाकरले, झग्याची बाही सारखी केली.

"पुढची तारीख दिवाळीनंतर."

थोरला उसळला. "अहो, हे काय खरं कोर्ट आहे का? तुम्ही काय खरे जज लागून गेलात?"

"मग टेम्पो कुणाच्या निकालावर आणलास रे?" मी विचारलं.

गर्दी हसली. वाणी सगळ्यांत मोठ्यानं हसला. थोरल्यानं कोर्ट खोटं म्हणावं तर निकालही खोटा, आणि खरं म्हणावं तर तारीख पडलेली. धाकट्यानं गपचूप फोटो टेम्पोतून काढला आणि जागेवर लावला. वाकडा लावला. वहिनींनी तो नंतर सरळ केला.

दिवाळी झाल्यावर साहेब खरंच आले. वेळेवर. मुलं आली, साहेबांनी दोन्हीकडचं ऐकलं आणि पुढची तारीख दिली. मग संक्रांतीनंतरची. मग परीक्षा झाल्यावरची. कारण दर वेळी वेगळं. कधी आवाज बसला आहे, कधी झगा धुवायला टाकला आहे. पुढंपुढं मुलं यायची बंद झाली, पण साहेब यायचे. चॅनलनं त्यांचं कोर्ट बंद करून तिथं नाचाचा कार्यक्रम लावला. मग ते कोथरूडच्या फ्लॅटमधून मोबाइलवर कोर्ट भरवायला लागले. बघणारं फारसं कुणी नव्हतं, तरी म्हणायचे तेच, माझ्याकडे तारीख मिळत नाही. आणि तिथून उठून, काठी टेकत, कसब्यात तारीख द्यायला यायचे.

माझा राग गेला असं समजू नका. ज्या बाकीच्यांना सकाळी सकाळी, न बघता निकाल मिळाले, त्यांच्या दारात कोण गेलं झगा घालून? किती म्हाताऱ्या पिशव्या भरून गेल्या असतील? मी दर वेळी साहेबांना वहिनींच्या उंबऱ्यात अडवायचो. "आता तरी कबूल करा. ते कोर्ट नव्हतं."

"ते पुढच्या तारखेला बघू," म्हणायचे. कबूल न करताच गेले. याला मी माफ करणार नाही.

शोकसभा संपल्यावर फाटकाशी थोरला भेटला. त्याचेही केस आता पांढरे झालेत. माझा हात धरून बाजूला घेतलं. "काका, साहेब तर गेले. आईच्या त्या अपिलाचं आता काय? बॅगवाला अजून विचारतोय."

सभागृहातून माणसं बाहेर येत होती. तीच, तारीख न देणाऱ्या माणसाचे गोडवे गाणारी. मी छातीत हवा भरली. वय झालंय, पण आवाज आळीतला आहे, तो बसत नाही.

"द्वारकाबाईंच्या अपिलाची पुढची तारीख दिवाळीनंतर!"

फाटकावरची सगळी माणसं वळून बघायला लागली. सूत्रसंचालन करणारा पोरगा धावत आला. पाण्याचा पेला घेऊन.

तो पेला मी या वेळी घेतला. घसा कोरडा झाला होता. रिकामा करून त्याच्या हातात दिला आणि त्याला सांगितलं तेच इथं लिहितो. या माणसानं कधी तारीख दिली नाही असं पुन्हा कुणी म्हणालं, तर त्याला आमच्या आळीत पाठवा. पत्त्याची गरज लागणार नाही. द्वारकाबाई म्हणून हाक मारा, त्या उंबऱ्यातच असतात. जरा मोठ्यानं मारा, शेजारी ठोकाठोकी चालू असते.